चांद आणि तीन ठिपके

१२ जानेवारी, सोमवार

काय गं वही, परवा काय सांगितलं होतं मी? आठवतंय? नाही ना! आणि डॉक्टर म्हणतो, विसरायला मी लागले. रोज काहीतरी सांगून लिहून घ्या म्हणतो, डोकं ताजं राहील. माझं ताजंच आहे. तुझं बघ — पान उलटलं की कोरी!

मला अक्षर येत नाही. मी सांगते, सून लिहिते. दीपमाला शाळेत मास्तरीण आहे. माझं ‘हाय’ गुपचूप ‘आहे’ करते. करू दे. पण अट एकच — तिच्याबद्दल सांगितलेलंही तिनंच लिहायचं, गाळायचं नाही. लिही दीपे : दीपमालाची आमटी पाणचट. भाकरी एकीकडं जाड, एकीकडं पातळ. अक्षर बरं असावं, मला काय कळतंय!

लिहिलं. तिचं तोंड बघण्यासारखं झालं होतं.

१३ जानेवारी, मंगळवार

थोरल्याचा फोन. आनंदराजचा. पोपचा वकील होणार! कोर्टातला नव्हे. परक्या देशात पोपच्या वतीनं राहायचं, तिथल्या सरकारशी बोलायचं. तीस वर्षं दुसऱ्या वकिलांच्या हाताखाली देश-देश फिरला, आता स्वतः मोठा. आर्चबिशप म्हणायचं त्याला. रोमला चौदा फेब्रुवारीला अभिषेक. दोन तिकिटं पाठवलीत — धाकट्या व्यंकटीला आणि दीपमालाला.

“माय, तुला एवढा प्रवास झेपणार न्हाई.”

म्हणलं, “हाव बाबा. तुझ्या बापाच्या मातीला यायला तुलाबी झेपलं नव्हतं.”

फोन बंद झाला. लाइन खराब असेल. आमच्या दोघांची लाइन लई खराब.

अकरा वर्षं आला नाही.

१६ जानेवारी, शुक्रवार

आनंदराजला आणखी एक काम येतं — बिशप लोकांच्या ढाली काढून देतो. लढायच्या नव्हेत, कागदावरच्या. प्रत्येक बिशपला आपली एक खूण लागते. मधे ढाल, वर हिरवी टोपी, दोन्हीकडं गोंडे लोंबतेत. बिशपला सहा-सहा, आर्चबिशपला दहा-दहा. मग ती खूण पत्रावर, शिक्क्यावर, दारावर. मेल्यावर थडग्यावर.

एका बिशपनं सिंह मागितला होता म्हणे. यानं विचारलं, तुमच्या घराण्यात सिंह कुठून आला? सिंह गेला, बकरू आलं. “खोटं घराणं मला लगेच कळतं, माय,” असं म्हणाला होता. मी चर्चच्या पायरीवर बसून चार बायांना ऐकवलं होतं.

त्यांच्यात आणखी एक नियम आहे. सोन्यावर चांदी ठेवायची नाही, चांदीवर सोनं ठेवायचं नाही. मी म्हणलं, तिथंबी शिवाशिव हाय का रे? तो हसला नाही.

आज व्यंकटी विष्णुपुरीहून ड्यूटी करून आला. फोन पुढं धरला. “माय, बघ, भाऊनं सोताची ढाल काढली.”

हिरवी ढाल. त्यावर चांदीचा अर्धा चांद. खाली तीन ठिपके.

चहा सांडला माझा. दीपमाला म्हणाली, “आत्या, भाजलं का?”

म्हणलं, “चहाच पाणचट. कपात थांबत न्हाई.”

१७ जानेवारी, शनिवार

आज काही सांगायचं नाही. वही मीट.

१९ जानेवारी, सोमवार

सांगते. दीपे, हे व्यंकटीला बोललीस तर बघ.

रेणापूरकडं आमचं गाव. किशनरावाच्या रानात मी खुरपायला, नवरा सालानं. त्यांच्या घरच्या भांड्यांवर नावं घातलेली, मशिनीनं, बारीक. आमच्यासाठी बाहेरच्या कोनाड्यात वेगळे गिलास. जर्मनचे, म्हणजे ॲल्युमिनियमचे. घासताना चुकून घरच्यांत मिसळू नयेत म्हणून त्यांच्या बुडाला खिळ्यानं ओरखडा — अर्धा चांद, तीन ठिपके. चांद दिसला की त्यांच्या सुना हात मागं घ्यायच्या.

एक गिलास चेपला. तो मला दिला, “घेऊन जा” म्हणून. नेला घरी.

आनंदराज तेव्हा सात वर्षांचा. गिलास उलटा करून म्हणाला, “माय, हे काय?”

आता सात वर्षांच्या पोराला काय सांगायचं? आणि मला चेष्टेची खोड! म्हणलं, “आपल्या घराण्याची खूण हाय ती. तुझे पणजे उदगीरच्या किल्ल्यावर पहारा द्यायचे. त्यांच्या ढालीवर हीच होती.” पोरानं गिलास उराशी धरला. मी पदरात तोंड घालून हसले. बापाला सांगितलं, तोही हसला.

पुढं फादर व्हायला गेला, तिथून पुन्हा विचारलं. मी पुन्हा तेच. घरी आला की पाव्हण्यांपुढंही तेच, चेष्टेत.

लिहिताना दीपमाला थांबली. म्हणलं, “काय झालं?” म्हणाली, “काही न्हाई, आत्या. पेन.”

पेनाला काही झालं नव्हतं.

२५ जानेवारी, रविवार

मिस्सेत, रविवारच्या प्रार्थनेत, फादरनं आनंदराजचं नाव घेतलं. टाळ्या. दुपारी दारात गाडी. किशनरावाचा नातू सुदर्शन! हातात हार, अर्धापूरची केळी, मागं फोटो काढणारा. पाया पडला माझ्या. याच्या आज्यानं मला ‘ए’ सोडून हाक मारली नाही, आणि हा ‘आजी, आजी’.

“आजी, पेपरात ढालीचा फोटो बघितला अन् अंगावर काटा आला! ही तर आमच्या घरची खूण. माळ्यावर तीन जुने गिलास हायेत, त्यांच्यावर हीच. आनंदराजभाऊंनी आमचं मीठ याद ठेवलं!”

म्हणलं, “बाबा, ते गिलास कशाचे होते, घरात कुणी सांगितलं का?”

“पूर्वजांचे असतील.”

“हाव. पूर्वजांचेच. माझ्या.”

त्याला कळलं नाही. दीपमालाला जोराचा ठसका लागला. तो म्हणाला, लातूरला मंगल कार्यालय बांधलंय, कमानीवर हीच खूण लावतो, स्टीलची. लावू ना?

म्हणलं, “लाव की. मोठी लाव. उजेड पाड तिच्यावर.”

त्याच्यापुढं चहा आला. पिला. कप आमचा.

२८ जानेवारी, बुधवार

सुदर्शननं फोटो पाठवला. कमान झाली! बैलगाडीच्या चाकाएवढा चांद, निळे दिवे. त्याच्याखालून नवरदेव जाणार, व्याही जाणार, जरीचे फेटे जाणार — सगळे आमच्या गिलासाच्या बुडाखालून! हसून हसून माझी कवळी निसटली.

दीपमाला हसली नाही. म्हणाली, “आत्या, भावजींच्या दारावर पण तेच लागणार. उद्या कुणी तिथं जाऊन सांगितलं तर? दुसऱ्यांची खोटी घराणी पकडणारा माणूस. तुम्ही आधी सांगा. अजून शिक्का कोरला नसेल.”

राग आला मला. ती खरं बोलली की येतो. म्हणलं, “तुला पोर न्हाई. आईनं पोराला काय सांगावं, ते तू मला शिकवू नकोस.”

आणि म्हणलं, हेही लिही. अट आहे.

लिहिलं तिनं. मला अक्षर येत नाही, पण ओळ खाली घसरत गेली, ते दिसलं.

२ फेब्रुवारी, सोमवार

नाही सांगणार. त्यानं मला बोलावलं नाही, मी त्याला सांगत नाही. फिट्टंफाट! घालू दे गळ्यात दहा-दहा गोंडे.

चार दिवस दीपमाला फक्त ‘हो’ आणि ‘बरं’ म्हणून राहिली. आमटी मात्र घट्ट केली. खाल्ली मी.

६ फेब्रुवारी, शुक्रवार

चर्चच्या मासिकात त्याची मुलाखत आली. दीपमालानं वाचून दाखवली. आवाज सरळ, मास्तरणीचा. त्याला विचारलंय — तुमच्या ढालीवरच्या खुणेचा अर्थ काय? तो म्हणतो, ही खूण मला आईनं दिली. अर्थ तीच सांगेल.

“पुन्हा वाच,” म्हणलं.

पुन्हा वाचलं. तेच निघालं.

मग फोन लावायला सांगितलं. तीनदा लावला. उचलला नाही. वकील लोकांना कामं असतात. मी जपमाळ घेतली. एका मण्याच्या पुढं सरकेना. ज्यानं दुनियेच्या घराण्यांचं खरं-खोटं केलं, त्याला मी ओरखडा दिला आणि हसले — एवढंच डोक्यात. तो म्हणतो, प्रवास झेपणार नाही. मला तर म्हातारपणी ते हसणंच झेपत नाही!

दीपमाला म्हणाली, “आत्या, पाणी देऊ?”

म्हणलं, दे. तू पण बस.

९ फेब्रुवारी, सोमवार

उचलला. सगळं सांगितलं. कोनाडा, खिळा, पदरातलं हसणं.

मग म्हणाला, “ठाऊक हाय, माय. तू रानात होतीस. मला तहान लागली, मी त्यांच्या अंगणात गेलो. त्यांच्या म्हातारीनं कोनाड्यातून गिलास दिला, वरून पाणी घातलं. तसले सहा होते तिथं, सगळ्यांच्या बुडाला हाच चांद. मग घरी येऊन तुला विचारलं — तू काय सांगतीस, ते बघायला.”

एकोणपन्नास वर्षं!

“मग ढालीवर कशाला रे घातलीस?”

“खूण आपलीच हाय की. किल्ला तेवढा खोटा.”

“अन् येणं का सोडलंस?”

“आलो की तू पाव्हण्यांपुढं तो किल्ला काढायचीस. हसून. तू खरं कधी सांगशील, याची मी वाट बघून राहिलो होतो, माय.”

दीपमाला, उद्या निघताना चिवडा-बिवडा नेऊ नका. ज्वारीच्या कडक भाकरी घे, आठ-दहा, आणि शेंगदाण्याची चटणी, लसूण जास्त. भाकरी तूच थाप. आणि त्यानं विचारलं तर, मी केल्या म्हणून खोटं सांगू नकोस.