आयच्या दाराला बांधलेली दोरी

नंदाखाल,
नोव्हेंबर १९७८

प्रिय सालोमीबाय हिस,

धाकट्या मार्सेलचा सप्रेम नमस्कार. तुझे गुडघे आणि भावोजींचा खोकला आटोक्यात असावेत. इकडे सर्व ठीक, म्हणजे आय गेल्यावर घर जेवढं ठीक असतं तेवढं.

शाळेतल्या मास्तरांबरोबर दिल्ली पाहून आलो. (इनेझनेच धाडलं. बायकोला भिंतीकडे बघत बसलेला नवरा किती दिवस चालणार?) तिथे तीन मूर्ती भवन पाहिलं. इंग्रजांनी ते आपल्या सरसेनापतीसाठी बांधलं. इंग्रज गेले, पंडितजी राहायला आले, सोळा वर्षं राहिले आणि तिथेच वारले. पुढच्या पंतप्रधानांनी तिथे बिऱ्हाड केलं नाही. घराचं संग्रहालय झालं. काचेपलीकडे पलंग, पुस्तकं, सगळं जागच्या जागी. चादर धुतात का, असं मी तिथल्या माणसाला विचारलं. (तो हसला. मी विनोद केला नव्हता.)

घरी येताच आयच्या खोलीच्या दाराला आडवी दोरी बांधली. चष्मा, रोझरी, शेकायची पिशवी, कशाला हात लावायचा नाही असं सर्वांना बजावलं. दोरी पाहून दूधवाला काशीराम बिचकला, "कसली साथ हाय?" म्हणाला, आणि दुसऱ्या दिवसापासून दूध कुंपणाबाहेर ठेवू लागला. फ्लॉसी आंटी मात्र सांत्वनाला आली ती दोरीखालून वाकून थेट आयच्या पलंगावर बसली, रडली, आणि रडता रडता तिथेच झोपली. मी दाराशी उभा. झोपलेल्या म्हातारीला संग्रहालयातून कसं उठवतात, ते दिल्लीत कुणी सांगितलं नव्हतं.

शेवटी इनेझ बोलली. जानेवारीत आपल्या प्लासिडचं लग्न, नवी सून कुठे निजणार? मी पंडितजींचा दाखला दिला. ती शांतपणे म्हणाली, "दिल्लीत सरकारला घरं पुष्कळ. आपल्याला खोल्या तीन."

दोरी मी अजून सोडलेली नाही.

तुझा,
मार्सेल

ता. क. लग्नाच्या आठवडाभर आधी ये आणि त्या खोलीत नीज. सुनेआधी तिथे आयचं कुणीतरी राहिलेलं असावं. माझी छाती होत नाही.

ता. क. पुन्हा. पत्र पेटीत टाकायला इनेझकडे दिलं, तिने वाचलं. मग म्हणाली, बायना लिहा, आठवडा नको, महिनाभर या. मलाही आत पाऊल टाकवत नाही.