चावी संपताना

प्रिय योर्न,

ओस्टेंडचा वारा तुला मानवतोय असं कळलं. इकडे गेंटमध्ये विशेष काही नाही. कालव्याकाठची आपली लॅब तशीच थंडगार, आणि आग्नेसबाई अजूनही रसायनाच्या बादलीत फिल्म ढवळता ढवळता सगळ्यांची उणीदुणी काढतात.

आपली फिल्म जोडून झाली. परवा बाईंना दाखवली. तुझी बोटं माझ्या मानेवरून उतरतात, पाठीवर रेंगाळतात, मग माझे ओठ तुझ्या खांद्यावर. बाई डोळे पुसत म्हणाल्या, "भाग्याची गं बाई तू! आम्हाला मेलं असं कुणी कधी हात लावला नाही." मी कॉफीत बिस्कीट बुडवून खाल्लं. मला काहीच वाटलं नाही. तू गेलास तेव्हाही वाटलं नव्हतं, आणि आता त्याचीच भीती वाटते.

त्यांना कसं सांगू, की त्या शेवटच्या हिवाळ्यात आपण फक्त कॅमेऱ्यापुढेच एकमेकांच्या जवळ येत होतो? तू त्या जुन्या कॅमेऱ्याला चावी देऊन अंथरुणात यायचास. तो घरघरत असेपर्यंत आपण एकमेकांचे. घरघर थांबली की मी उठून मोजे शोधायची, तू पुन्हा चावी द्यायला जायचास. आपल्याला पडद्यावर ओढ दाखवायची होती, ती छान दाखवली. दोघंही नाटकच करतोय, असं मी धरून चालले होते.

प्रत्येक तुकड्याची शेपटी मी न बघताच कापत गेले. चावी संपताना कॅमेरा अडखळतो, चित्र पांढरं पडत जातं, ते कुणाला हवंय? सगळ्या शेपट्या खिळ्याला लटकत होत्या. काल टाकून देण्याआधी सहज जोडल्या आणि पडद्यावर लावल्या. प्रत्येकीत माझी नजर कॅमेऱ्याकडे वळलेली, थांबला का ते बघायला. आणि तू माझ्याकडे बघतोयस, योर्न. दर वेळी. चित्र पुरतं पांढरं होईपर्यंत.

लॅबचा रिवाज तुला ठाऊकच आहे. ज्याचं अंग पडद्यावर, कात्री आधी त्याच्या हातात, आणि त्याने काय कापलं, का कापलं, हे कुणी विचारायचं नाही. चित्रपट महोत्सवाला मला ती जोडलेली फिल्म पाठवायची नाही, या शेपट्या पाठवायच्या आहेत. म्हणून हे पत्र. तू ये. कापायच्या असतील तर सगळ्या काप, मी अडवणार नाही. मी फक्त शेजारी बसेन, आणि या वेळी तुझ्याकडे बघेन.

तुझीच, ही लिहायची सवय काही मोडली नाही,
टीने