जास्तीचं पान

मालवण, भाद्रपद वद्य पंचमी, १९५८

संस्थानातल्या जुन्या बंडात दोन्ही बाजूंनी लढलेल्या साध्या शिपायांची नावं मी वर्षभर जमवतोय. आज एका कागदात शेजारच्या भिकूकाकांचे खापरपणजोबा सापडले. बंडवाले. फाशी गेलेले. त्यांना धरून देणारा सरकारी शिपाई माझा खापरपणजोबा!

म्हणजे आमच्या पितृपक्षातल्या म्हाळाला, दोन घरांमधल्या दगडी गडग्यापाशी बिननावाचं जास्तीचं पान वाढतात, ते यांचंच?

संध्याकाळी काकांनी गडग्यावरून विचारलं, "मास्तरा, आमच्या माणसाचा नाव गावला काय रे?"

"नाय," मी खोटंच बोललो.

काकांनी केळीची पानं पुढे केली. "उद्या तुमचो म्हाळ. एक पान जास्तीचा घातलंय, दरवर्षासारखा."

खरंच, ते जास्तीचं पान दरवर्षी काकाच देतात. त्यांना ठाऊक आहे? मग मला विचारलं कशाला?