एका घरात दोन वास्तुपुरुष

वर्तकनगर, ठाणे
रविवार

ती. सगुणाताईस,

धाकट्या उत्तमचा आणि कलावतीचा साष्टांग नमस्कार. भाऊजींचा गुडघा आता जिना चढू देतो का? तुझी साखर आटोक्यात आहे ना? (नसेल तरी सोबतचा पेढा आधी खा, मग पुढे वाच.) ताई, घर वाचलं! लिलावात गेलेलं आपलं वर्तकनगरचं घर परत आपल्या पदरात पडलं! फोनवर तू मध्येच रडतेस आणि मी मध्येच ओरडतो, म्हणून सगळं लिहूनच कळवतोय.

नाथाशेटचं कर्ज तुला तोंडपाठ आहे, तरी पहिल्यापासून सांगितल्याशिवाय मजा नाही. वागळे इस्टेटच्या गाळ्यात लेथ मशीन घ्यायला मी त्याच्याकडून पैसे घेतले, धंदा बसला, हप्ते थकले, त्याने चारचौघांत बोलून दाखवलं आणि मी त्याच्याशी बोलणंच टाकलं. (मी याला स्वाभिमान म्हणतो. कलावतीचा शब्द वेगळा आहे.) तो कोर्टात गेला, जिंकला आणि आपल्या घराचा लिलाव झाला. घेतलं खोपटला राहणाऱ्या धनेशने. भला माणूस, पण भलता उतावळा. लिलाव झाला तरी कोर्ट तो कायम करेपर्यंत मुदत असते, तेवढ्यात कर्जदाराने देणं भागवलं तर लिलाव रद्द होतो, हे वकिलाने त्याला बजावलेलं. पण भटजी म्हणाले, हा मुहूर्त चुकला तर थेट दिवाळीनंतर. धनेशने भटजींचं ऐकलं.

एके सकाळी तो, त्याची बायको जया, भटजी, केळीचे खांब आणि जेवणाची पातेली असा सगळा लवाजमा वास्तुशांतीसाठी दारात हजर! मी दार लावणार, तर कलावती म्हणाली, देवाचं कार्य दारातून परत पाठवायचं नाही. वर जयाला विचारते कशी, नारळ पुरेसे आणलेत ना? आणि धनेशने जेवायला बोलावलं कुणाला, तर नाथाशेटला! (त्याच्या दाव्यामुळे घर मिळालं म्हणून सत्कार. शालसुद्धा आणलेली.) मी स्वयंपाकघरात, नाथाशेट हॉलमध्ये, दोघंही भिंतीकडे तोंड करून.

होम झाला. भटजी म्हणाले, आता आग्नेय कोपऱ्यातली लादी काढा, वास्तुपुरुष पुरायचा. कलावतीने पदर खोचला. तिथे आमचा आहे, म्हणाली. भटजी अडकले! एका घरात दोन चालत नाहीत, आणि जुना काढायचा तर मालकाची परवानगी हवी. मालक कोण? धनेश म्हणाला मी. कलावती म्हणाली, कोर्टाचा शिक्का दाखवा. शेवटी धनेशने छिन्नी-हातोडी नाथाशेटपुढे धरली, तुमच्याच शुभहस्ते काढा म्हणून. ताई, आमच्या वास्तुशांतीला ती लादी नाथाशेटनेच बसवलेली. तेव्हा आम्ही मित्र होतो. त्याने हातोडी घेतली, लादीकडे बघितलं आणि हातोडी परत खाली ठेवली. कोर्टात कधी न डगमगलेला माणूस म्हणतो कसा, "मीच बसवलेला देव मीच उखरू? उत्तम, भायेर ये रं. आपले भांडनान वकिलाचा पोट भरला."

मी बाहेर आलो. (रडलो नाही. होमाचा धूर होता.) त्याने व्याज सोडलं, मी मशीन विकायला काढलं, कलावतीने हातातल्या पाटल्या काढल्या, आणि पंगत उठायच्या आत तडजोड ठरली. मुदतीत पैसे कोर्टात भरले, कायद्याप्रमाणे धनेशची भरपाईही भरली, नाथाशेटने आपलं सगळं फिटलं असं लिहून दिलं आणि न्यायाधीशांनी लिलाव रद्द केला! मी तिथेच नाचणार होतो, पण शिपायाने डोळे वटारले. ताई, इतका आनंद मला लग्नातही झाला नव्हता. (हे कलावतीला कळवू नकोस.)

भाऊजींना नमस्कार सांग, पोरांच्या गालाला हात लाव.

तुझा, पुन्हा घरमालक झालेला,
उत्तम

ता. क. : धनेशचे पैसे त्याला परत मिळणार आहेत, पण कोर्टातून पैसे निघायला वेळ लागतो. आणि त्या उतावळ्याने मुहूर्ताच्या आदल्या दिवशीच खोपटची भाड्याची खोली सोडलेली! वास्तुशांतीच्या दिवसापासून दोघं आमच्याच हॉलमध्ये आहेत. जया रोज आमच्या आधी उठून सगळं घर झाडते, आणि त्या लादीपाशी आली की थांबते. मला ते बघवत नाही, ताई.

ता. क. दुसरा : आम्ही बेघर झालो तर राहायला म्हणून तू डोंबिवलीतली तुमची वरची खोली रिकामी करून ठेवलीस, रंगही दिलास. ती त्यांना दे. भाडं मी भरीन.

ता. क. तिसरा : तुला विचारायला वेळ नव्हता. हे पत्र ज्याने तुझ्या हातात दिलं, तोच धनेश. जया खाली टेम्पोत बसली आहे. तूच आग्रहाने बोलावलंयस असं मी त्यांना सांगितलंय. तेवढा आग्रह कर.