मुक्या सिनेमात मी जे बोलले

मी, रोसारियो बोश, राहणार बेनिमास, प्रांत वालेन्सिया, वय सत्तरीच्या पुढे, हे मृत्युपत्र माझ्या हाताने, माझ्या मर्जीने लिहिते. डोकं शाबूत आहे. गुडघे गेलेत, पण लिहायला गुडघे लागत नाहीत.

१. घर आणि मागची लिंबाची झाडं माझी बहीण तेरेसा हिचा मुलगा बातिस्त याला. भाताची मोठी कढई शेजारीण विसेंताला. उसनी नेऊन नेऊन ती तिचीच झालीय. पाद्रीबाबांना काही नाही. पोटुशी तेरेसाला त्यांनी चर्चच्या दारातून परत पाठवलं होतं.

२. माझ्या दिवंगत नवऱ्याचं सिनेमा दाखवायचं यंत्र आणि डब्यातली फिल्मही बातिस्तलाच. सव्वीस साली आमच्या गावात काढलेला मूकपट. जमीनमालक लेआंद्रो क्लिमेंत हौसेने मालकाचंच काम करत होते, मी त्यांच्या पायाशी रडणारी कुळाची बायको. दिग्दर्शक म्हणाला, "बाई, नुसतं तोंड हलवा. वाट्टेल ते बोला, ऐकू कुणाला येतंय?" मग बोललेच. पडद्यावर अक्षरं आली, 'मालक, दया करा!' पण चौकात खेळ लागला तेव्हा आमचा चपला शिवणारा किको, लहानपणी तापात कान गेलेला, ओठ वाचून ओरडला, "अरे, ती म्हणतेय, तेरेसाचं पोर तुझं आहे मेल्या, नाव दे त्याला!" मालक ताडकन उठून गेले. मरेपर्यंत नाव काही दिलं नाही.

३. गेल्या महिन्यात मालकांचा लग्नाच्या बायकोचा मुलगा आला. "बाई, तेवढा तुकडा कापून द्या. मागाल ते देतो." म्हटलं, "बाळा, कात्री आधी माझ्या जिभेवर चालव." फिल्म कापायची नाही, विकायची नाही. दरवर्षी गावच्या जत्रेत चौकात दाखवायची.

४. सरकारी दप्तरात बातिस्तच्या बापाच्या जागी 'अज्ञात' लिहिलंय. अज्ञात म्हणे! अख्ख्या गावाला ठाऊक आहे. म्हणून माझ्या वारसाचं नाव मी इथे पूर्ण लिहिते: बातिस्त क्लिमेंत बोश. आधी बापाचं आडनाव, मग आईचं, जसं इथे प्रत्येकाचं असतं. हरकत असेल त्याने खुशाल कोर्टात जावं आणि का ते चारचौघांत सांगावं.

दुसऱ्या साक्षीदार न बोलावता आल्या. मुलगा हात हलवत परतल्यावर त्यांनी फिल्म बघायला मागितली. स्वयंपाकघरात चादर बांधून दाखवली. मग त्यांनी कलम चार दोनदा वाचलं आणि म्हणाल्या, "पेन द्या."

बेनिमास, ३ ऑक्टोबर १९५८
सही: रोसारियो बोश
साक्षीदार: १. पास्कुआल पेरिस, भटारी
२. एल्विरा सांचिस, लेआंद्रो क्लिमेंत यांची विधवा. नाव बरोबर लिहिलं आहे.