बुढ्याच्या फिरक्या

४ जुलै

आज आमच्या बुढ्यानं काळाचा शोध लावला. दुपारी, वरण-भात खाऊन, ढेकर देऊन!

जन्म गेला राइस मिलच्या मेस्तरीपणात. आता घरी बसला तं डोक्यात पट्टे फिरून राहिले. म्हणे, काळ वाहत-बिहत नाही. काळ म्हणजे फिरक्या! मोहरीहून बारीक, दात्यायच्या, साऱ्या वस्तूत भरलेल्या. दगडात सुस्त, डासात सुसाट. अन् एका घरात राहणाऱ्यायच्या फिरक्यायचे दाते एकमेकांत अडकतेत, म्हणे. आपले नवरा-बायकोचे तं पक्के बसले.

मी म्हटलं, तरीच एवढा खडखडाट होते.

६ जुलै

अड्याळच्या बाजारात तपासणीचा कॅम्प होता. फुकट. सून टीनानं दोघायलेही ढकललंच. छातीले तारा लावल्या, मशिनीतून ठोक्यायची पट्टी काढली—आधी त्याची, मंग माही. बुढा मशिनीवरच्या पोरीले विचारते, तुमच्या मशिनीत फिरक्या दिसतेत काय? पोरगी हसली. मले लाज आली, रांगेतले सारे ओळखीचे!

घरी येता येता मले घेरी आली. उन्हानं असंन. नाही तं वाटभर त्याचं भाषण ऐकलं, त्यानं.

९ जुलै

कॅम्पवाल्या डॉक्टरचा फोन आला. पोरानं, मनीषनं घेतला. तुमच्या बाबांचे ठोके लय कमी पडतेत, म्हणे. नागपूरले न्या, छातीत छोटी मशीन बसवा लागंन. उशीर केला तं जिवावर बेतंन.

बुढा म्हणे, मी नाही बसवत. परकी फिरकी आत घातली का साऱ्या घराचे दाते तुटतेत. आधी तुहे तुटतीन.

म्हटलं, माह्या दातायची काळजी नका करू, तीनच उरले.

तो हसला नाही. मीही नाही.

१० जुलै

मनीष ओरडला. टीना रडली. बुढा पंख्याले तेल देऊन राहिला.

११ जुलै

धानाचा रोवणा चालू आहे. बांधीच्या चिखलात उतरली, थोडंसं धान लावलं अन् डोळ्यापुढं अंधारी. शेजारची सत्यभामाबाई म्हणे, घरी जा, चिंता लागली तुले. लागणार नाही तं काय!

शेताच्या धुऱ्यावर बसली. मनात आलं, मरू दे या येड्याले, आपल्या फिरक्या घेऊन. अन् मंग अशी रडली का विचारू नको. हा गेला तं मी भांडू कोणाशी?

१२ जुलै

आज त्याच्याच भाषेत घेतलं. म्हटलं, मिलमध्ये पट्टा तुटला तं दुसरा टाकत होते का मिल बंद करत होते?

बुढा म्हणे, पट्टा आपल्याच मिलचा पायजे.

म्हटलं, नसला तं? धान तसंच सडू देत होते?

जेवला नाही. संध्याकाळी आपणच म्हणे, बरं, चाल नागपूरले. पण तू सोबत पायजे. तू दूर राहिली तं फिरक्या गडबडतीन.

लय लाडावला आहे बुढा. वळण लावा लागंन.

१४ जुलै, नागपूर

इथल्या डॉक्टरनं बुढ्याची नवी पट्टी काढली अन् पाहतच राहिला. ठोके खणखणीत! कॅम्पची पट्टी उलटी केली, सुलटी केली, डोकं खाजवलं.

अन् मले कॅम्प आठवला. बुढा आत तारा लावून झोपून होता, तवा पोरगी मले विचारे, पेशंटचं नाव काय? मी जन्मात नवऱ्याचं नाव तोंडानं घेतलं नाही. साऱ्या रांगेपुढं कशी घेऊ? म्हटलं, दोघायचंही काढूनच राहिली ही, आधी कोण अन् मागं कोण, काय फरक पडते! आपलंच सांगून देल्लं—रुखमा. मंग माह्या पट्टीवर तिनं, वर न पाहता, आमच्या दोन आधार कार्डातल्या उरलेल्यावरचं लिहिलं. म्हणजे त्याचं.

डॉक्टरले सारं सांगितलं. मले वाटलं हसंन. तो हसला नाही. म्हणे, "आजी, तुम्ही झोपा इथं."

१५ जुलै

मशीन मलेच बसवायची आहे. उद्या सकाळी.

मी मुद्दाम म्हटलं, नाही बसवत, परकी फिरकी आहे. बुढा पायथ्याशी बसून होता. माहा पाय धरला अन् म्हणे, "रुखमा, फिरक्या-बिरक्या काही नसतेत. मी उगाच बोलत होतो. तू बसवून घे."

हो म्हटलं. कालपर्यंत त्याच्या एका शब्दावर माहा इस्वास नव्हता. आता तोच फिरक्या नाहीत म्हणते, तं मले लय भेव लागून राहिलं.