बांधावरची मोसंबी आणि सायीच्या सरबताचा मिक्सर

मी, मालनबाई कानिफनाथ शिरसाट, वय वर्षे चौपन्न, धंदा शेती, त्याआधी ऊसतोड, शिक्षण चौथी पास, राहणार खालची वस्ती, तिसगावजवळ, तालुका पाथर्डी, जिल्हा अहिल्यानगर, हे मृत्युपत्र माझ्या हाताने लिहून ठेवते. डोकं ठिकाणावर आहे. कुणी फूस लावून किंवा दटावून लिहून घेत नाही. मला दटावायचा हक्क होता तो माणूस चार वर्षांपूर्वी गेला, आणि तोही दटावायचा नाही, नुसता घसा खाकरायचा.

कारण असं, की येत्या बुधवारी नगरला माझ्या हृदयाची झडप बदलायची आहे. डॉक्टर म्हणाले, काळजी करू नका. बरं म्हटलं आणि घरी येऊन लिहायला बसले. नमुना आप्पासाहेबांनी दिला, ते तहसिलीबाहेर अर्ज लिहून देतात. त्यात 'स्थावर व जंगम मिळकत' असं आहे. मी घर, शेत आणि बाकीचं असं लिहिते, म्हणजे माझ्या पोरांना कळेल.

कलम १. घर. दोन खोल्या आणि पुढची पत्र्याची पडवी मुलगा ज्ञानेश्वर आणि सून धनश्री या दोघांच्या नावे व्हावी. दोघांच्या असं मुद्दाम लिहिते. ज्ञानेश्वर, तू गुणाचा आहेस, पण पत्रा गळतो हे तुला दोन पावसाळे सांगत होते. शेवटी धनश्रीनं वर चढून डांबर लावलं. चढणारीचं नाव कागदावर पाहिजे.

कलम २. शेत. माझ्या नावचं एक एकर. अर्धं ज्ञानेश्वरला, अर्धं लेक अश्विनीला, जी बेलापूरला दिली आहे. भावानं हक्कसोडीचा कागद घेऊन बहिणीच्या दारात जायचं नाही. साडीचोळी करतो, सही कर, हे तर अजिबात नाही. अश्विनी, तूही भावाचं तोंड बघून सही करू नकोस. तोंड बघून विरघळायची तुझी खोड बापाची आहे.

कलम ३. बोरमाळ अश्विनीला, कानातलं धनश्रीला, शेळी धनश्रीलाच. शेळीचा विषय पुढे परत येईल.

कलम ४. आमची मोठी पितळी परात ज्ञानेश्वरच्या लग्नापासून वस्तीवरच्या एका घरी आहे. घराचं नाव लिहीत नाही, त्यांना माहीत आहे. माझ्या दहाव्याला परात लागेल. तेव्हा त्यांनी ती आपणहून आणावी, आणि 'आमचीच समजा, वापरा' असं म्हणू नये.

कलम ५. कोयता. हा ज्ञानेश्वरकडे राहील. भंगारात घालू नये आणि हातात धरूही नये, नुसता खुंटीला असावा. हा घेऊन मालक आणि मी सतरा हंगाम संगमनेरकडे तोडीला गेलो. शेजारच्या खोपीत थोरले दीर आणि माझी जाऊ रंगुबाई. मी तिला आक्का म्हणते. म्हणायचे.

ज्ञानेश्वरच्या वेळी सातवा महिना होता. फडात भर दुपारी डोळ्यापुढे अंधार आला. ज्यांचा ऊस तोडत होतो त्या मळेवाल्या काकूंनी मला ओसरीवर बसवलं आणि पितळेच्या फुलपात्रात काहीतरी पिवळसर फेसाळ आणून दिलं. मला वाटलं ताक आहे. तोंडाला लावलं तर मोसंबी, आणि मोसंबीच्या मागनं साय. इतकं गार मी तोवर काही प्यालेच नव्हते. दुसऱ्या दिवशी धडधाकट होते, तरी परत चक्कर आली म्हणून सांगितलं. काकू हसल्या. म्हणाल्या, "चक्कर राहू दे. आत ये, कसं करतात ते बघ."

कृती इथंच लिहिते, नंतर कुणाला विचाराल. दूध उकळून निवू द्यायचं. साय वेगळी काढायची. मग दुधाची किटली दोरानं विहिरीत सोडायची, आता तुम्ही फ्रिजमध्ये ठेवा. मोसंबीचं पांढरं साल काढायचं, बिया एकूण एक काढायच्या, एक जरी भरडली तर सगळं कडू. रस फडक्यातून गाळून तोही गार करायचा. आधी साय, साखर आणि दूध घुसळायचं. फेस वर आला की रस धारेनं सोडायचा, सुतळीएवढी धार, जाड नाही. चिमूटभर मीठ. आणि लगेच प्यायचं. पाहुणा चपला काढतोय म्हणून थांबायचं नाही. एकच गोष्ट लक्षात ठेवा, दूध कोमट असलं तर रस घालू नका. फाटतं.

बाजाराच्या दिवशी काकू वाटीभर साय आणि खाली पडलेल्या मोसंब्या द्यायच्या. खोपीवर विहीर कुठली, पाट होता. आक्का दुधाचं भगुलं ओल्या फडक्यात बांधून पाटात धरून बसायची, पाय पाण्यात सोडून. मी दर दोन मिनिटांनी विचारायचे, झालं का, झालं का.

"माले, दूध हाय ते. येश्टी न्हाई, येळंवर सुटायला."

गार तिनं करायचं, रवी मी फिरवायची. मला दम नाही, तिला आहे, म्हणून ही वाटणी. मग चौघं एकाच भगुल्याभोवती. मालकांच्या मिशीला फेस लागायचा. पुसा म्हटलं तर पुसायचे नाहीत. तसेच फडात जायचे, आणि मला लांबूनसुद्धा ती पांढरी मिशी दिसायची. तशी दुपार मला नंतर या पक्क्या घरात मिळाली नाही.

तोड सोडली त्या वर्षी काकूंनी मोसंबीचं एक रोप दिलं. ते दोघा भावांच्या बांधावर लावलं. ते झाड कुणी तोडू नये. फळं दोन्ही घरांची.

कलम ६. मिक्सर. तिसगावात हळदीकुंकवाच्या सोडतीत मला हा मिक्सर लागला. टेम्पोत आक्का तो मांडीवर घेऊन बसली, लेकरू धरावं तसा. ~~हा मिक्सर माझ्या पश्चात रंगुबाई बजरंग शिरसाट हिला द्यावा.~~ का, ते सगळ्यांनी वाचावं.

नऊ वर्षांपूर्वी अश्विनीला बघायला बेलापूरचे पाहुणे आले. बागायतदार माणसं. मी ठरवलं, चहा नाही, सायीचं सरबत द्यायचं, अठरा ग्लास, मिक्सरमधलं. लाईट बारा वाजता जायची. पावणेबारा झाले आणि दूध अजून कोमट. घरात तेव्हा फ्रिज नव्हता. आक्का पातेल्याला हात लावून म्हणाली, "माले, थांब. लाईट गेली तर जाऊ दे, रवीनं घुसळू."

मी म्हटलं, "बेलापूरच्या लोकांपुढं रवी घेऊन बसू? तोडीवर हाय का आपन?"

आणि रस ओतला. धारेनं नाही, भसकन. मिक्सर फिरवला. झाकण काढलं तर वर पाणी, खाली चोथा. विहीणबाई दारातून बघत होत्या. त्यांच्यादेखत मी मोठ्यानं म्हटलं, "हिनं मधी लिंबू पिळलं. हिला आमचं चांगलं झालेलं बघवत न्हाई."

आक्कानं पदर खोचला होता तो सोडला, डोक्यावर घेतला आणि मागच्या दारानं गेली. पाहुण्यांना चहा दिला. लग्न जमलं. जमायचंच होतं, पोरगी चांगली होती.

आठ दिवसांनी घरात कुणी नसताना मी कोमट दुधात परत रस घालून बघितला. लिंबू कुठंच नव्हतं. तसंच फाटलं. ते शेळीला पाजलं. शेळी कुणाला सांगत नाही. मीही नऊ वर्षं कुणाला सांगितलं नाही. मालक गेले त्या दिवशी आक्कानं आमच्या उंबऱ्यावर पिठलं-भाकरी ठेवली आणि न बोलता गेली. मी ती खाल्ली, तरी बोलले नाही. मोसंबीची फळं तिच्या बाजूला पडली तरी ती उचलून बांधाच्या माझ्या अंगाला रचून ठेवते. एकही खात नाही. हे मी रोज बघते.

म्हणून लिहिते. लिंबू कुणी पिळलं नव्हतं. दूध माझ्या घाईनं फाटलं. आळ मी घातला, तो खोटा होता.

कलम ७. हे कलम आज दुपारी वाढवलं आहे. सहाव्या कलमातली मिक्सरची ओळ मी खोडली आहे आणि शेजारी सही केली आहे. रेघ एकच मारली, खालचं वाचता यावं म्हणून.

खोडायचं कारण. आप्पासाहेब दीडच्या सुमारास साक्षीदार म्हणून सही करायला आले. दुसरा साक्षीदार कोण, विचारलं. मी म्हटलं, "रंगुआक्का चालंल का?"

त्यांनी कागद वाचला. चष्मा काढला. "वहिनी, ज्याला ह्यात काही मिळतंय त्याला साक्षीदार करत नसतात. एक तर त्यांना मिक्सर द्या, न्हाई तर साक्षीला बोलवा."

मी विचार केला. मिक्सर दिला तर तो माझ्यामागं तिच्या दारात जाणार आणि कुणीतरी दुसराच तिला हे वाचून दाखवणार. साक्षीला बोलावलं तर मला तोंड दाखवावं लागणार. बुधवार चार दिवसांवर आहे. मी रेघ मारली आणि धनश्रीला पाठवलं.

आक्का आली. पडवीत खांबाला टेकून बसली. माझ्याकडे बघेना. आप्पासाहेबांनी शाईचा पॅड पुढं केला, तर म्हणाली, "वाचल्याबिगर मी आंगठा देत न्हाई. तिलाच वाचू द्या."

मी सगळं वाचलं, पहिल्या ओळीपासून. परातीला ती जरा हसली. सहाव्या कलमाला मी कागद उलटा ठेवला. ती म्हणाली, "वाच की." मी वाचलं. बाहेर शेळी तेवढी ओरडत होती.

"मला त्याच दिशी ठावं हुतं," आक्का म्हणाली. "पातेल्याला हात मीच लावल्ता न्हवं."

"मग तवाच बोलली का न्हाईस?"

"तुला दम कुठं हुता ऐकायला."

मी म्हटलं, "आक्का, माझं चुकलं." ते कागदावर लिहिलं होतं त्यापेक्षा जड गेलं. ती उठली. मला वाटलं चालली. ती स्वयंपाकघरात गेली, दुधाच्या पातेल्याला बाहेरून हात लावला आणि म्हणाली, "हे आत्ताच उतरवलंय. फ्रिजात घालू नको गरम. परातीत पानी घे." धनश्री म्हणाली, परात आपल्याकडे नाही. मग घमेल्यात पाणी घेतलं.

आप्पासाहेब म्हणाले, "बाई, आंगठा देऊन टाका, मला तिसगावला जायचंय."

"दूध गार झाल्याबिगर न्हाई," आक्का म्हणाली. "तुमीबी बसा."

मी मिक्सर काढून तिच्यापुढं ठेवला, म्हटलं, आजच घेऊन जा, हाताने देते. तिनं तो मागं सारला. "मला नको. तू जाऊन ये, आन तूच फिरव. गार मी करते."

तरी या मृत्युपत्रात मिक्सर कुणाला दिलेला नाही. तो सध्या मला लागणार आहे.

वरील सर्व मी वाचून, समजून, दोन्ही साक्षीदारांसमोर सही केली. त्यांनीही माझ्यासमोर सही व अंगठा केला.

लिहून देणार: मालनबाई कानिफनाथ शिरसाट (सही)

साक्षीदार १: आप्पासाहेब भानुदास लवांडे, राहणार तिसगाव (सही)

साक्षीदार २: रंगुबाई बजरंग शिरसाट, राहणार खालची वस्ती (डाव्या हाताचा अंगठा. बाजूला डाग आहे तो फेसाचा आहे, खाडाखोड नव्हे.)

ठिकाण: खालची वस्ती, तिसगाव. दिनांक ८ नोव्हेंबर २०२५. वेळ दुपारी सव्वाचार. दूध गार व्हायला तेवढा वेळ लागला.